आडनावाचा अर्थ लावण्याआधी गाव विचारा : नाशिककडच्या नावा-आडनावांचा धागा

गोदाकाठचा

आमच्या जुन्या वाड्याच्या ग्रुपवर परत तोच संदेश फिरतोय : 'तुमच्या आडनावाचा खरा अर्थ जाणून घ्या'. प्रत्येक आडनावाला एकेक संस्कृत शब्द चिकटवलेला आणि त्यामागे एकेक ऋषी उभा. माणसं वाचून खूश. असणारच, अर्थ राजघराण्यापर्यंत किंवा आश्रमापर्यंत पोचत असेल तर कोणाला नको आहे? पण आडनाव कानाला कसं लागतं यावरून त्याचा उगम सांगणं म्हणजे बस कुठून आली हे तिच्या हॉर्नवरून सांगण्यासारखं आहे. आधी गाव विचारा.

ज्याला हे पटत नसेल त्याने एकदा रामकुंडावर जाऊन बघावं. नाशिक-त्र्यंबकच्या तीर्थोपाध्यांकडे यजमानांच्या वह्या असतात. कोण आलं, कशासाठी आलं, बरोबर कोण होतं, भाऊ-मुलगे-चुलते कोण, हे सगळं त्यात उतरवलेलं. पुष्कळदा आलेल्या माणसाच्याच हस्ताक्षरात. जुनी पानं मोडी लिपीत. तुम्ही घाटावर उभे राहून आडनाव सांगितलंत तर गुरुजी पहिला प्रश्न करतात, 'मूळ गाव कोणतं?' गाव कळलं की उपाध्ये कोण ते कळतं, मग वही निघते, मग जात, आडनाव, आजा-पणजा. नुसतं 'जाधव' सांगून काय होणार? जाधव अर्ध्या महाराष्ट्रात आहेत.

आता गावावरून पडलेली आडनावं. निफाडचे निफाडकर, येवल्याचे येवलेकर, सिन्नरचे सिन्नरकर, इतपत सोपं आहे. पण गंमत अशी की निफाडात राहणाऱ्याला निफाडकर कोण म्हणेल? तिथे सगळेच निफाडकर. हे आडनाव चिकटतं गाव सोडल्यावर, परमुलखात. म्हणून ज्या गावाचं आडनाव, त्या गावात ते घराणं बहुधा सापडत नाही. आणि एकदा चिकटलं की सुटत नाही : भगूरला जन्मलेले सावरकर सावरकरच राहिले, भगूरकर झाले नाहीत.

आपले तात्यासाहेब शिरवाडकर घ्या. आडनाव निफाड तालुक्यातल्या शिरवाड्याचं, जन्म पुण्याचा (१९१२), लहानपण पिंपळगाव बसवंतात, हयात नाशिकात. जन्मनाव गजानन रंगनाथ; काकांना दत्तक गेले आणि विष्णू वामन झाले. टोपणनाव घेतलं ते धाकट्या बहिणीवरून, कुसुमचा अग्रज म्हणून कुसुमाग्रज. एकाच माणसाच्या नावात दत्तकविधान, गाव आणि बहीण, तिन्ही. ऋषी कुठेच नाही.

किताबाचं आडनाव होतं तो प्रकार वेगळा. रामकुंडाजवळचं नारोशंकराचं देऊळ (१७४७) ज्यांनी बांधलं ते सरदार मूळचे दाणी. 'राजेबहाद्दर' हा किताब मिळाला आणि पुढे घराणंच राजेबहाद्दर झालं. तिकडे विठ्ठल शिवदेव, तेही दाणीच, विंचूरची जहागीर मिळाली आणि विंचूरकर झाले. मूळ आडनाव एकच, दोन पिढ्यांत त्याची दोन झाली. एक किताबावरून, एक गावावरून. 'दाणी'चा अर्थ शोधत बसलेल्याला यातलं काहीच हाती लागणार नाही.

तुमच्याकडची उदाहरणं टाका. गाव, कुळदैवत, घरात सांगतात ती हकिकत, काहीही. फक्त तो फॉरवर्ड इथे चिकटवू नका.

---

मेनरोडवाली

मस्त धागा. आमच्या आजोळचं आडनाव चांदोरकर. आजी म्हणायची आपण चांदोरीचे, गोदावरीकाठचे. मामा म्हणतो चांदवडचे, कारण इंग्रजांच्या नकाशात चांदवडला 'चांदोर' लिहिलेलं आहे. दोन्ही गावं याच जिल्ह्यातली. आता कोणाचं खरं धरायचं?

---

मोडीवेडा

@मेनरोडवाली, यादी इथे संपत नाही, रायगडात चांदोरे आहे आणि गोव्यातही चांदोर आहे. :) हेच नांदगावकरांचं. आपल्याकडे मनमाडशेजारी नांदगाव आहे म्हणून नाशिकचा माणूस त्यांना आपले समजतो, पण कणकवलीकडेही नांदगाव आहे आणि मुरूडजवळही. ओझरकर म्हटलं की आपल्याला विमानांचं ओझर आठवतं, जुन्नरकराला विघ्नहराचं. वणीकर दिंडोरीतल्या वणीचा की यवतमाळच्या? नुसत्या आडनावावरून सांगता येत नाही. कुळदैवत कोणतं, कुळाचार काय, कोणत्या गावचा जोशी यायचा, हे विचारावं लागतं. तुमच्या आजोळी नवरात्रात काय करतात?

मूळ धाग्याबद्दल. गोदाकाठचे यांचं पटलं, पण मी आणखी पुढे जाईन : बहुसंख्य लोकांच्या बाबतीत कागदावर आडनाव पूर्वी नव्हतंच. मोडी कागद वाचताना दिसतं काय? 'राणोजी बिन विठोजी'. बिन म्हणजे मुलगा, अरबीतून आलेला. काही कागदांत 'वल्द'. बाई असेल तर 'सखू कोम रामा', म्हणजे रामाची बायको. त्यापुढे 'मौजे अमुक, परगणे तमुक' आणि जात. एवढ्यावर माणूस ओळखला जाई. आडनाव पक्कं दिसतं ते जिथे वतन आहे तिथे. पाटीलकी-कुलकर्ण्याचा तंटा उभा राहिला की आम्ही अमके असं ठासून सांगायची गरज पडायची. ज्याच्याकडे भांडायला वतन नाही त्याला आडनावाचं काय करायचं होतं?

नंतर इंग्रजी अमलात जमिनीचं दफ्तर, शाळेचं रजिस्टर, पलटणीची भरती सुरू झाली, आणि प्रत्येक ठिकाणी रकाना होता. रकाना रिकामा ठेवता येत नाही. मग कोणी कुळाचं नाव सांगितलं, कोणी गावाचं, कोणी धंद्याचं, कोणाला मास्तरांनी सुचेल ते दिलं. २०२३ मध्ये कुणबी नोंदींची शोधाशोध सुरू झाली तेव्हा पुष्कळांना पहिल्यांदा कळलं की पणज्याच्या जन्माच्या नोंदीत नाव आहे, बापाचं नाव आहे, जात आहे, आडनाव मात्र नाही. गाव नमुना १४, म्हणजे गावची जन्म-मृत्यूची नोंदवही, उघडून बघा.

---

व्यवस्थापक

धागा चांगला चालला आहे म्हणून आधीच सांगून ठेवतो. नोंदी कशा वाचायच्या यावर जरूर लिहा. कोण खरा आणि कोण खोटा, आरक्षण कोणाला हवं आणि कोणाला नको, यासाठी दुसरे धागे आहेत. इथले तसे प्रतिसाद उडवले जातील.

---

बागलाणी_भो

मोडीवेडा, तुमनं म्हननं खरं शे भो.

आमच्या कळवण-सटाण्याकडे पगार आडनाव भरपूर. कंपनीत नवीन लागलो तेव्हा पहिल्या तारखेला मी ऑफिसात पाऊल टाकलं की सगळे ओरडायचे, 'पगार आला!' आणि एकदा रजेवर होतो तर फळ्यावर लिहिलं, 'या महिन्यात पगार नाही'. म्हातारी माणसं सांगतात की आपलं कूळ पवारांचं, पगार हा नुसता उच्चार. खरं-खोटं देव जाणे, पण तनख्याशी त्याचा संबंध लावणारे सगळे बाहेरचे, आमच्याकडचं कोणी लावत नाही.

दुसरं पाटील. आमच्याकडे एका गावात निम्मं गाव बोलण्यात पाटील. कागदावर कोणी देवरे, कोणी आहेर, कोणी बच्छाव. एखाद्याने मुंबईला जाऊन कागदावरही पाटील लावलं की पुढच्या पिढीला सोयरीक जुळवताना कूळ कोणतं ते सांगता येत नाही. मग फोन येतो गावाला, 'काका, आपण नेमके कोण?'

---

काका_कॉलेजरोड

सगळंच गावावर आणि शाळामास्तरावर ढकलू नका हो. आडनावांना अर्थ असतात आणि चांगले स्वच्छ अर्थ असतात. जोशी म्हणजे ज्योतिषी. पोतदार म्हणजे नाणी पारखणारा. गडकरी गडावरचा. तांबट तांब्याची भांडी घडवणारा, आपल्याकडे त्यांची अख्खी आळी आहे. सराफ, कासार, वैद्य, कोतवाल. कुलकर्णी, देशपांडे, देशमुख. ही काय कानावरून लावलेली आहेत? तुमच्या पिढीला परंपरेतलं काही सांगितलं की फॉरवर्डच वाटतो.

---

गोदाकाठचा

काका, हुद्द्याची आडनावं मी नाकारलीच नाहीत. पण त्यांतली किती संस्कृत आहेत तेही बघा. फडणीसातलं 'नीस' हे फारसी 'नवीस', लिहिणारा. फर्दनवीस, म्हणजे फर्दा-याद्या लिहिणारा, त्याचा फडणवीस आणि फडणीस. चिटणीस, पारसनीस, सबनीस, पोतनीस सगळे त्याच दफ्तरातले. सराफ अरबी. मुजुमदार, इनामदार, जमादार, हवालदार यांच्या नावातलं 'दार'ही फारसी. ऋषी शोधणाऱ्यांना आपल्या आडनावात बसलेला फारसी कारकून दिसत नाही, माझा राग तेवढ्यावरच आहे.

आणि हुद्दा म्हणजे घराणं नव्हे. सगळ्या कुलकर्ण्यांचं मूळ एक असतं का? गावागणिक एक कुलकर्णी होता. म्हणून तर पत्रिका जुळवताना 'कुठले कुलकर्णी?' विचारतात. फिरून गावच!

---

डोंगरची_वाट

सुरगाण्याहून लिहितोय. आमच्याकडे आडनावं भोये, गावित, महाले, चौधरी, बागुल, आणि पवार, गायकवाडसुद्धा. शहरात पवार म्हटलं की समोरचा लगेच विचारतो, 'म्हणजे मराठा?' मी म्हणतो कोकणा, आदिवासी. मग त्याचा चेहरा बघण्यासारखा होतो. पवार, जाधव, मोरे, सोनवणे, गायकवाड ही आडनावं या जिल्ह्यात किती समाजांत आहेत ते एकदा शाळेच्या हजेरीत बघा. आडनावावरून जात ओळखणाऱ्यांनी नाशिक जिल्ह्यात तरी हा धंदा बंद करावा.

पहिल्या नावांचं सांगतो. आमच्या आज्या-पणज्यांची नावं वारांवरून. सोमवारचा सोम्या, मंगळवारचा मंगळ्या, बुधवारचा बुध्या, शुक्रवारचा सुक्र्या. मुलींची सोमी, बुधी. पत्रिका नाही, आद्याक्षर नाही. ज्या वारी आला तो वार. पुढे आश्रमशाळेत गुरुजींनी सोम्याचा सोमनाथ केला, बुध्याचा बुधाजी केला, आणि जन्मतारीख सगळ्यांची १ जून. म्हणजे बघा, नावात जन्माची जी एक खरी माहिती होती ती पुसली आणि खोटी तारीख लिहिली.

---

मोडीवेडा

@डोंगरची_वाट, शेवटच्या ओळीला टाळ्या.

---

सिन्नरचा_वारा

+१.

आमच्या भागात साठीच्या पुढचा कोणताही शेतकरी घ्या, निवृत्ती, सोपान, ज्ञानेश्वर, त्र्यंबक, गंगाधर यांतलं एक नाव निघणार. निवृत्ती तर खास आपलं. निवृत्तिनाथांची समाधी त्र्यंबकला, पौषातली वारी गावागावातून जाते, त्यामुळे घरटी एक निवृत्ती. पुण्या-साताऱ्याकडे ज्ञानोबा-तुकाराम जास्त, इकडे थोरला भाऊ. गंगाधर, गंगूबाई, गंगाराम यांतली गंगा आपली गोदावरीच. नाशिकचा माणूस गोदावरीला गंगाच म्हणतो, पूर आला तरी 'गंगेला पूर आला'. खंडू, खंडेराव ही ओझर-चंदनपुरीच्या खंडोबाची पुण्याई.

आणि दगडू, धोंडू, केरू, भिका. मुलं जगत नसत म्हणून काळाला फसवायला ठेवलेली नावं. देवाला वाटावं की हा दगडच आहे, याला कशाला न्यायचं. आमचे एक चुलते धोंडू होते, नव्वदीपर्यंत ठणठणीत. नातवंडांची नावं विहान आणि शिवांश.

---

अस्मिता_इंदिरानगर

दगडू-धोंडू प्रेमापोटी ठेवलेलं, मान्य. पण मुलींच्या बाबतीत नकुशा, नकोशी हे काळाला फसवायला नव्हतं, ते खरोखर नको म्हणून होतं. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात एका कार्यक्रमात २८५ मुलींची ही नावं बदलली. एका जिल्ह्यात, या शतकात. ते आणि धोंडू एका रांगेत बसवू नका.

इतके प्रतिसाद झाले आणि बायकांच्या आडनावाबद्दल अजून कोणी बोललं नाही, मोडीवेडांच्या 'कोम'चा अपवाद सोडून. वही, वतन, गाव, सगळं बापाकडून. माझ्या आईचं माहेरचं नाव एक, लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने लिहिलेलं नाव दुसरं. शाळेचा दाखला माहेरच्या नावाचा, रेशनकार्ड सासरच्या, बँकेत तिसरंच, कारण तिथे कोणीतरी घरात हाक मारायचं नाव लिहून ठेवलं होतं. तिन्ही बायका एकच आहेत हे सिद्ध करायला प्रतिज्ञापत्र आणि राजपत्र करावं लागलं. बाबांना आयुष्यात एकदाही असलं काही करावं लागलं नाही.

निदान आता १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नोंदीत बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव असा क्रम शासनाने आणला आहे. माझ्या भाचीचं नाव तसं लागलं. घरात एका आजोबांनी विचारलं, 'हे कुठलं नवीन खूळ?'

---

काका_कॉलेजरोड

ते आजोबा मी नव्हे. :)

नवीन खूळ कसलं? पांडवलेण्यात जा. तीन नंबरच्या लेण्यातला लेख बघा, गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी. राजे आईच्या नावाने ओळखले जात होते, दोन हजार वर्षांपूर्वी, आपल्या नाशकात. लेख कोरवून घेणारीही राजमाता, गौतमी बलश्री. परंपरा म्हणतात ती ही.

---

मोडीवेडा

काका, बरोबर, पण थोडं थांबा. गौतमी हे तिचं व्यक्तिनाव नाही. तिचं नाव बलश्री. गौतमी म्हणजे गौतम गोत्राची, वासिष्ठी म्हणजे वसिष्ठ गोत्राची. म्हणजे लेकाच्या नावात आई आली ती गोत्राच्या रूपाने, आणि गोत्र शेवटी पुरुषाचंच. 'बलश्रीपुत्र' असं कोणी लिहिलं नाही. अस्मिताताईंची भाची सातकर्णीच्या पुढे गेली आहे, कारण तिच्या नावात आईचं खरं नाव आहे.

त्याच लेण्यांतले दानलेख नावांसाठी वाचण्यासारखे आहेत. क्षत्रप राजा नहपानाची मुलगी दक्षमित्रा, जावई उषवदात. सतराव्या लेण्यात एक यवन, म्हणजे ग्रीक, आहे, इंद्राग्निदत्त, धर्मदेवाचा मुलगा, उत्तरेकडचा, दात्तामित्रीचा राहणारा. यवन, पण नाव अस्सल इथलं. आणि ओळख कशाने दिली आहे? बाप आणि गाव. आडनावाचा रकाना तेव्हाही नव्हता.

---

गोदाकाठचा

हा इंद्राग्निदत्त वहीतल्या नोंदीसारखाच आहे की. कोण, कोणाचा, कुठला.

अवांतर : नाशिकचंच बघा. शूर्पणखेचं नाक कापलं म्हणून नासिक, नऊ शिखरं म्हणून नवशिख, दोन्ही गोष्टी आपण लहानपणापासून ऐकतो आणि दोन्ही कानाला छान लागतात. पण पतंजलीच्या महाभाष्यात 'नासिक्य' आहे आणि लेण्यांतल्या लेखातही नासिक आहे. नाव आधीपासून नांदत होतं, गोष्टी त्याच्याभोवती गोळा होत गेल्या. मोगलांनी गुलशनाबाद केलं, कागदावर चाललं, माणसांच्या तोंडी बसलं नाही. उलट आनंदवल्लीला माणसाचं नाव लागलं, राघोबादादांच्या आनंदीबाईंचं, ते मात्र टिकलं. आता आनंदवल्लीकर कोणी झालं तर ते एका बाईवरून पडलेलं आडनाव होईल, अस्मिताताई!

---

अस्मिता_इंदिरानगर

शोधते एखादं स्थळ. :)

---

बालवाडी_ताई

मी पंचवटीत बालवाडी चालवते. गटात तीन विहान, दोन शिवांश, अन्वी, अन्विता, आन्वी. हाक मारली की तिघी उठतात. प्रवेशाच्या वेळी आई-बाबांना सहज विचारते, अर्थ काय? प्रत्येकाकडे उत्तर तयार, इंटरनेटवरचं. एकाच नावाचा अर्थ एकाने पहाट सांगितला, दुसऱ्याने विष्णू, तिसऱ्याने 'पॉझिटिव्ह एनर्जी'. पूर्वी आत्या कानात कुर्र करायची ते नाव बहुतेक आजीचं किंवा देवाचं असायचं, त्याचा अर्थ कोणी विचारत नव्हतं. आजोबांचं नाव म्हणून ठेवलं, एवढा अर्थ पुरायचा. गेल्या वर्षी एक त्र्यंबक आला वर्गात. चार वर्षांचा. त्याला स्वतःचं नाव म्हणता येत नाही, 'तंबक' म्हणतो, पण सगळ्या वर्गाला फक्त त्याचंच नाव पाठ आहे.

---

मेनरोडवाली

मोडीवेडांच्या प्रश्नाचं उत्तर द्यायला उशीर झाला, मामाशी बोलले. कुळदैवत सप्तशृंगी. नवरात्रात घट, अष्टमीला पुरणाचा नैवेद्य. म्हणजे इकडचेच ना?

---

मोडीवेडा

कोकण आणि गोवा जवळजवळ बाद समजा. पण सप्तशृंगी चांदोरीलाही चालते आणि चांदवडलाही, त्यामुळे आजी-मामांचा वाद तसाच राहतो. चांदवडला रेणुका आहे. तिकडचं जुनं घर असतं तर घरात तिचंही काहीतरी असतं, ओटी नाहीतर नवस. मामांना तेवढं विचारा. आणि घाटावर जाऊन वही बघाच. जाताना पणजोबांपर्यंतची नावं, चुलत घराण्यांची नावं आणि दोन्ही गावं लिहून न्या. आडनाव शेवटी सांगा.

---

मेनरोडवाली

दोन्ही गावांचे उपाध्ये वेगळे निघाले तर?

---

गोदाकाठचा

तर दोन्हीकडे बसा. सकाळी लवकर जा, सुट्टीचा दिवस टाळा, पितृपक्षात तर अजिबात जाऊ नका, गुरुजींना मान वर करायला वेळ नसतो. आणि वही मिळाली तर तुमच्या पिढीची नावं लिहून या. आईचं धरून.